विश्लेषण : तालुका न्यायालयातली दिरंगाई उच्च न्यायालयाला दिसते का?

कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले आणि सातारा-सांगलीच्या पक्षकारांचा मुंबईचा हेलपाटा वाचला. पण नक्कल, नोटीस, रेकॉर्ड आणि दरखास्त यांत अडकून पडलेल्या प्रकरणांचे काय? कनिष्ठ न्यायालयांवर देखरेख ठेवण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला राज्यघटनेनेच दिला आहे. तो कोणासाठी आणि कसा वापरला जातो, यावर खटाव, आटपाडी, पलूसच्या पक्षकाराचे बरेच काही अवलंबून आहे.

दिरंगाई दिसते कशी?

समजा, औंधच्या आसपासच्या एका गावात दोन भाऊ आणि एक बहीण यांची मिळून सहा एकर वडिलोपार्जित जमीन आहे. २००५ च्या कायदा दुरुस्तीने मुलीला मुलाइतकाच हिस्सा मिळाला, हे बहिणीला ठाऊक आहे. भाऊ ऐकत नाहीत म्हणून तिने वडूजच्या दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा लावला. थोरला भाऊ गावातच असल्याने त्याच्यावर नोटीस बजावली गेली. धाकटा कामाला मुंबईत. ‘पत्त्यावर मिळून आला नाही’ असा शेरा घेऊन त्याची नोटीस परत आली. नवा पत्ता, पुन्हा भत्ता, पुन्हा नोटीस. मग कैफियतीला मुदत, मग साहेबांची बदली, मग नवे साहेब येईपर्यंत प्रभारी न्यायालयात नुसत्याच तारखा. अखेर पुरावा झाला, युक्तिवाद झाला आणि बहीण जिंकली. एक तृतीयांश हिस्सा तिचा, असा हुकूमनामा झाला.

खरी परीक्षा इथून पुढे सुरू होते. निकालाची नक्कल मिळायला वेळ. शेतजमिनीचे प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ नुसार जिल्हाधिकाऱ्यांमार्फत व्हायचे, म्हणून कागद साताऱ्याला. तिथून तहसीलदारांकडे, तिथून मोजणीसाठी भूमी अभिलेख कार्यालयाकडे. सरस-निरस मानाने वाटपाचा तक्ता तयार व्हायचा, त्यावर हरकती यायच्या, मग ताबा. कागद महसूल खात्याकडे गेला की न्यायालयाच्या रोजच्या बोर्डावरून तो बहुधा उतरतो. बहीण वकिलांना विचारते, वकील कारकुनाला विचारतात, कारकून सांगतो, ‘तहसीलला चौकशी करा.’

या सगळ्या प्रवासात बहिणीविरुद्ध एकही चुकीचा आदेश झालेला नाही. तिने दाद मागायची ती कशाविरुद्ध? अपील निकालाविरुद्ध करता येते, पुनरीक्षण आदेशाविरुद्ध करता येते. न झालेल्या कामाविरुद्ध अपील नसते. प्रशासकीय दिरंगाईचे वेगळेपण हेच. चुकीचा निकाल वरच्या न्यायालयात आपोआप पोहोचतो, कारण हरलेला पक्षकार तो घेऊन जातो. कपाटात राहिलेली फाइल वर कोणी घेऊन जात नाही. ती दिसायची तर वरच्यानेच खाली बघायला हवे.

अधिकार कोणते आहेत?

राज्यघटनेतले दोन अनुच्छेद इथे महत्त्वाचे आहेत. अनुच्छेद २२७ नुसार उच्च न्यायालयाला आपल्या हद्दीतील सर्व न्यायालयांवर आणि न्यायाधिकरणांवर पर्यवेक्षणाचा अधिकार आहे. वकिलांच्या आणि पक्षकारांच्या तोंडी हा अनुच्छेद येतो तो ‘रिट’च्या संदर्भात, म्हणजे खालच्या न्यायालयाने एखादा अंतरिम आदेश चुकीचा दिला म्हणून दाखल केलेल्या याचिकेच्या संदर्भात. पण त्याच अनुच्छेदाच्या दुसऱ्या खंडात उच्च न्यायालयाने खालच्या न्यायालयांकडून विवरणपत्रे मागवावीत, कामकाजाचे नियम करावेत आणि नोंदवह्या कशा ठेवायच्या ते ठरवून द्यावे, असे अधिकारही दिले आहेत. ही कल्पना १९५० मध्ये नव्याने आलेली नाही. १८६१ च्या ज्या कायद्याने मुंबई, कलकत्ता आणि मद्रासच्या उच्च न्यायालयांचा पाया घातला, त्यातच पर्यवेक्षणाची आणि विवरणपत्रे मागवण्याची तरतूद होती.

दुसरा अनुच्छेद २३५. जिल्हा न्यायालये आणि त्याखालच्या न्यायालयांवर ‘नियंत्रण’ उच्च न्यायालयाचे असेल, असे तो सांगतो. न्यायिक अधिकाऱ्यांच्या नेमणुकीची ठिकाणे, बढत्या, रजा या बाबी त्यात येतात. सरकारने न्यायाधीशांवर दबाव आणू नये म्हणून घटनाकारांनी हा अधिकार मंत्रालयाकडे न देता उच्च न्यायालयाकडे ठेवला. म्हणजे तालुक्याच्या न्यायालयात काम का अडले, हे विचारण्याचा अधिकार राज्यात खऱ्या अर्थाने एकाच संस्थेला आहे. तिने विचारले नाही, तर दुसरे कोणी विचारूही शकत नाही.

प्रत्यक्षात ही देखरेख तीन वाटांनी होते. प्रधान जिल्हा न्यायाधीश आपल्या जिल्ह्यातील न्यायालयांची तपासणी करतात. प्रत्येक जिल्ह्यासाठी उच्च न्यायालयाचे एक पालक न्यायमूर्ती नेमलेले असतात. आणि दर महिन्याला प्रकरणांची विवरणपत्रे खालून वर जातात. व्यवस्था कागदावर उभी आहे. तिला नेमके काय दिसते, हा प्रश्न आहे.

कोल्हापूरच्या बेंचने काय बदलले?

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथे मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले. आदल्या दिवशी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. सातारा, सांगली, कोल्हापूर, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्या कक्षेत आले. त्यामागे चार दशकांहून अधिक काळ चाललेले वकिलांचे आणि नागरिकांचे आंदोलन होते. साताऱ्याहून मुंबई अडीचशे किलोमीटर, तर कोल्हापूर त्याच्या निम्म्यावर. सकाळी एसटीने निघून संध्याकाळी घरी परतता येणे ही गरीब पक्षकारासाठी साधी सोय नव्हे. कित्येकांसाठी याचिका करायची की नाही, याचा निर्णय त्यावर ठरतो.

पण या बेंचने जवळ आणली ती न्यायिक दाद. एखाद्या आदेशाविरुद्ध याचिका, अपील, जामीन अर्ज यांसाठी आता मुंबई गाठावी लागत नाही. बेलिफ किती कमी आहेत, नक्कल किती दिवसांत मिळते, मूळ रेकॉर्ड कुठे अडकले, यांवरची प्रशासकीय देखरेख ही मुख्य न्यायमूर्ती, प्रशासकीय समित्या आणि पालक न्यायमूर्ती यांच्याकडे आहे. कोल्हापूरला इमारत उभी राहिली म्हणून ती देखरेख आपोआप वाढत नाही. उलट एक धोका आहे. उच्च न्यायालय जवळ आले म्हणून ‘आमचा दावा लवकर चालवण्याचे निर्देश द्या’ अशा याचिका वाढतील आणि त्यालाच देखरेख म्हटले जाईल.

‘सहा महिन्यांत निकाली काढा’ या आदेशाने काय होते?

एखादा दावा दहा-बारा वर्षे पडून असेल, तर पक्षकार उच्च न्यायालयात जातो आणि उच्च न्यायालय खालच्या न्यायालयाला मुदत घालून देते. त्या पक्षकाराला न्याय वाटतो आणि तो मिळतोही. पण तालुक्याच्या न्यायाधीशाच्या टेबलावर काय घडते? त्याच्याकडे शेकडो प्रकरणे आहेत आणि दिवसाचे तास तेवढेच. ‘हायकोर्टाची मुदत’ असा शेरा असलेली फाइल पुढे येते आणि तेवढ्या जागा दुसऱ्या कोणाच्या तरी फाइली मागे सरकतात. मागे कोण सरकते? ज्याला वर जाणे परवडले नाही तो. त्याचा दावा कदाचित अधिक जुना असेल, त्याची निकड अधिक असेल, पण त्याच्या फाइलवर तो शेरा नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २९ फेब्रुवारी २०२४ रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या वकील संघटनेच्या प्रकरणात हीच गोष्ट स्पष्ट केली. दुसऱ्या न्यायालयांतील प्रकरणांना घटनात्मक न्यायालयांनी सर्रास मुदती घालून देऊ नयेत, अगदी अपवादात्मक परिस्थितीतच तसे करावे. कोणत्या प्रकरणाला प्राधान्य द्यायचे हे संबंधित न्यायालयावर सोडणे योग्य, कारण तिथली परिस्थिती त्यालाच ठाऊक असते. याच निकालाने २०१८ चा निर्णयही मागे घेतला गेला. उच्च न्यायालयाची स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठते, असे त्या निर्णयात म्हटले होते. कारण सोपे आहे. न्यायालयाकडून वेळेत सुनावणी झाली नाही, याची शिक्षा पक्षकाराला का?

म्हणजे एकेक फाइल पळवणे ही देखरेख नव्हे. रांगेतल्या एकाला पुढे घेतल्याने रांग लहान होत नाही. रांग का थांबली, हे बघायला हवे.

मग चांगली देखरेख कशी असते?

दोन उदाहरणे अलीकडचीच आहेत. पहिले जामिनाचे. जामीन मंजूर होऊनही आदेश तुरुंगात पोहोचला नाही किंवा हमीदार मिळाला नाही म्हणून हजारो कैदी आत राहतात, हे लक्षात आल्यावर सर्वोच्च न्यायालयाने ३१ जानेवारी २०२३ रोजी निर्देश दिले. जामिनाच्या आदेशाची प्रत त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी तुरुंग अधीक्षकांमार्फत कैद्याला ई-मेलने पाठवायची. जामीन मिळून सात दिवसांत कैदी सुटला नाही, तर अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचे. यात उपदेश नाही. कोणते काम, किती दिवसांत, कोणी करायचे आणि झाले नाही तर कोणाला कळवायचे, या चारही गोष्टी ठरवून दिल्या आहेत. आणि यासाठी कैद्याला वेगळी याचिका करावी लागत नाही.

दुसरे उदाहरण दरखास्तींचे, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जांचे. ‘दावा जिंकणाऱ्याच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावरच सुरू होतात’ या आशयाचे निरीक्षण प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्येच नोंदवले होते. दीडशे वर्षांनी, २०२१ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी असे सांगितले. तरीही फरक पडला नाही. म्हणून ६ मार्च २०२५ रोजी तमिळनाडूतील एका जुन्या प्रकरणात न्यायमूर्ती जे. बी. पारडीवाला आणि न्यायमूर्ती आर. महादेवन यांच्या खंडपीठाने देशातील सर्व उच्च न्यायालयांना आपापल्या जिल्हा न्यायालयांकडून प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवण्यास आणि त्या सहा महिन्यांत निकाली काढण्यासाठी पावले उचलण्यास सांगितले. कसूर झाल्यास संबंधित न्यायाधीश जबाबदार राहतील, असेही बजावले.

ऑक्टोबर २०२५ मध्ये आकडे समोर आले. देशभरात सुमारे ८ लाख ८२ हजार दरखास्ती प्रलंबित. मधल्या सहा महिन्यांत सुमारे ३ लाख ३८ हजार निकाली निघाल्या होत्या. सर्वाधिक प्रलंबित कुठे? मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत, सुमारे ३ लाख ४१ हजार. तमिळनाडू आणि केरळ त्याखालोखाल, पण त्यांचे आकडे लाखाच्या आत. कर्नाटक उच्च न्यायालयाकडून माहितीच आली नव्हती. त्याबद्दल स्पष्टीकरण मागवले गेले आणि सर्वांना आणखी सहा महिन्यांची मुदत मिळाली.

महाराष्ट्राने हा आकडा दोन बाजूंनी बघायला हवा. देशातल्या प्रत्येक दहा अडकलेल्या दरखास्तींपैकी जवळपास चार आपल्याकडच्या, ही नामुष्कीच. पण ती दिसली कशी? सर्वोच्च न्यायालयाने विचारले म्हणून. दरखास्तींची नोंद प्रत्येक न्यायालयाच्या रजिस्टरमध्ये होतीच आणि विवरणपत्रेही दर महिन्याला जात होती. तोच प्रश्न अनुच्छेद २२७ खाली मुंबईतून आधी, कितीतरी वर्षे आधी, विचारता आला असता.

दिरंगाईची खरी ठिकाणे कोणती?

न्यायाधीशांची कमतरता हे सर्वांत मोठे कारण आहे, यात वाद नाही. दर दहा लाख लोकसंख्येमागे ५० न्यायाधीश असावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये म्हटले. आज देशात हे प्रमाण २१ च्या आसपास आहे. जिल्हा आणि तालुका न्यायालयांत देशभरात साडेचार कोटींहून अधिक प्रकरणे प्रलंबित आहेत. महाराष्ट्रात ५० लाखांहून अधिक. न्यायाधीशांची पदे वाढवायची तर राज्य सरकारने पैसा द्यायला हवा. अनुच्छेद २३५ ने उच्च न्यायालयाला माणसांवर नियंत्रण दिले, तिजोरीवर नाही. त्यामुळे सगळे खापर न्यायालयांवर फोडणे अन्यायाचे होईल.

तरीही प्रत्येक विलंब न्यायाधीश कमी आहेत म्हणून होत नाही. काही ठिकाणे अशी आहेत, जिथे न्यायाधीशाला निर्णय घ्यायचाच नसतो, फक्त कार्यालयाने काम करायचे असते.

पहिले, नोटीस-समन्सची बजावणी. एका बेलिफाकडे डोंगरभर पसरलेली गावे आणि वाड्या. प्रवासभत्ता तुटपुंजा. प्रतिवादी पुण्या-मुंबईला असेल तर नोटीस दुसऱ्या जिल्ह्याच्या नाझरकडे जाते आणि परत येईपर्यंत तारीख उलटून जाते. मुळात बजावणीच झाली नाही, तर पुढचे सगळे घोडे तिथेच अडते.

दुसरे, नक्कल. मुदतीच्या कायद्याचे कलम १२ सांगते की नक्कल मिळवायला गेलेला वेळ अपिलाच्या मुदतीतून वगळला जाईल. म्हणजे नकलेला वेळ लागणार हे कायद्यानेच गृहीत धरले. त्याने पक्षकाराचा हक्क वाचतो, पण प्रकरण थांबतेच. निकाल संगणकावर टाइप होत असताना त्याच्या प्रमाणित प्रतीसाठी आठवडे का लागावेत?

तिसरे, रेकॉर्ड. वरच्या न्यायालयाने अपिलात मूळ कागदपत्रे मागवली की खालचे काम प्रत्यक्षात ठप्प होते, स्थगिती नसली तरी. फाइलच नाही तर चालवायचे काय? अपील निकाली निघाल्यावर कागद परत यायलाही वेळ. सप्टेंबर २०२३ मध्ये केंद्राने ई-कोर्ट प्रकल्पाच्या तिसऱ्या टप्प्याला ७,२१० कोटी रुपये मंजूर केले. त्यात कागदपत्रांच्या डिजिटल रूपांतराला मोठे स्थान आहे. तालुक्याची फाइल स्कॅन होऊन वर जाऊ लागली, तर हा विलंब जवळजवळ संपू शकतो.

चौथे, वर सांगितलेले कलम ५४. इथे दोन खात्यांमध्ये कागद हरवतो. वाटपाच्या दाव्यांत प्राथमिक हुकूमनामा झाल्यावर पक्षकाराच्या नव्या अर्जाची वाट न बघता न्यायालयाने स्वतःहून प्रकरण पुढच्या टप्प्यासाठी बोर्डावर घ्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने जून २०२२ मध्ये सांगितले. तीच दृष्टी महसूल खात्याकडे गेलेल्या हुकूमनाम्यांना लावायला हवी. सातारा-सांगलीसारख्या, जमिनीचे तुकडे लहान आणि हिस्सेदार अनेक असलेल्या जिल्ह्यांत हा प्रश्न घरोघरचा आहे.

नुसत्या आकड्यांची देखरेख का फसते?

आज खालच्या न्यायाधीशाची कामगिरी मोजली जाते ती निकाली प्रकरणांवरून. प्रत्येक प्रकाराला ठरावीक युनिट, महिन्याला ठरावीक युनिटांचा कोटा. यातून काम होते हे खरे, पण कोणते काम होते? सोपे, छोटे, तडजोडीचे प्रकरण लवकर निघते. पंचवीस प्रतिवादी असलेला वीस वर्षांचा वाटपाचा दावा मागे राहतो, कारण त्यात कष्ट अधिक आणि युनिटांचा हिशेब जुळत नाही. कधी पक्षकार गैरहजर म्हणून प्रकरण निकाली निघते, मग ते पुन्हा फाइलवर घेण्याचा अर्ज येतो आणि विवरणपत्रात एकाची दोन प्रकरणे होतात.

ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने १९८२ पासून चाललेल्या एका दाव्यात देशभरासाठी निर्देश दिले. प्रधान जिल्हा न्यायाधीशांनी दर महिन्याला आढावा घ्यावा. पाच वर्षांहून जुन्या प्रकरणांवर उच्च न्यायालयाच्या समितीने लक्ष ठेवावे आणि तिने किमान दोन महिन्यांतून एकदा बसावे. ही चौकट चांगली आहे. पण समितीसमोर फक्त ‘दाखल, निकाली, शिल्लक’ हे तीन रकाने आले, तर नक्कल, नोटीस आणि रेकॉर्ड यांतले अडथळे तिला कधीच दिसणार नाहीत. राष्ट्रीय न्यायिक माहिती जाळ्यावर आज विलंबाची कारणेही नोंदवली जातात. वकील हजर नाहीत, आरोपी फरार, साक्षीदार नाही, वरच्या न्यायालयाची स्थगिती, रेकॉर्ड उपलब्ध नाही, अशी ती कारणे आहेत. त्यांतली शेवटची दोन वरच्या न्यायालयाने स्वतःच सोडवायची आहेत.

वरच्या न्यायालयांचे स्वतःचे घरही तपासायला हवे. युक्तिवाद संपल्यावर निकाल महिनोन् महिने राखून ठेवण्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना २००१ मध्ये सुनावले होते आणि ऑगस्ट २०२५ मध्ये पुन्हा सुनावावे लागले. तीन महिन्यांत निकाल दिला नाही, तर निबंधकांनी ते मुख्य न्यायमूर्तींसमोर ठेवावे, असे निर्देश द्यावे लागले. दिवाणी संहितेनुसार खालच्या न्यायाधीशाने युक्तिवादानंतर साधारण तीस आणि फार तर साठ दिवसांत निकाल द्यायचा असतो. वरून तपासणीला येणाऱ्याने तोच नियम आधी स्वतःला लावला, तर तपासणीला वजन येते.

औंधने काय करून पाहिले होते?

या प्रश्नाचा औंधशी संबंध केवळ पत्त्यापुरता नाही. १९३९ च्या जानेवारीत औंध संस्थानात नवी राज्यघटना लागू झाली. राजे भवानराव पंतप्रतिनिधी, त्यांचे पुत्र अप्पासाहेब पंत आणि पोलंडहून आलेले मॉरिस फ्रिडमन यांनी महात्मा गांधींच्या सल्ल्याने ती आखली. औंध, आटपाडी, कुंडल असे विखुरलेले तालुके आणि जेमतेम बहात्तर गावांचे हे संस्थान. सत्ता गावाच्या पंचायतीपासून वर जाणारी, अशी त्याची रचना होती. पंचायतीला न्यायदानाचेही काम दिले होते आणि तालुक्याच्या न्यायाधीशाने गावोगाव फिरून, पंचांच्या मदतीने तिथेच कज्जे ऐकावेत, अशी कल्पना होती. पक्षकाराने न्यायालयाकडे जायचे नाही, न्यायालयाने पक्षकाराकडे यायचे.

८ मार्च १९४८ रोजी संस्थान विलीन झाले आणि प्रयोगही संपला. त्याचे गोडवे गाऊन आज तो जसाच्या तसा परत आणता येणार नाही. गावच्या पंचांसमोर दलिताला, विधवेला, वाटा मागणाऱ्या बहिणीला कितपत मोकळेपणाने बोलता येते, हे आपण जाणतो. तटस्थ, शिकलेला, बाहेरचा न्यायाधीश ही त्यांच्यासाठी संरक्षणाची भिंत आहे. पण त्या प्रयोगातली एक गोष्ट आजही खरी आहे. जागेवर गेलेल्याला जे दिसते, ते विवरणपत्रात दिसत नाही. २ ऑक्टोबर २००९ पासून अमलात आलेल्या ग्राम न्यायालय कायद्यातही न्यायाधिकाऱ्याने गावोगाव जाऊन सुनावणी घेण्याची तरतूद आहे. ती रुजली असती, तर निदान लहान दाव्यांपुरते औंधचे सूत्र पुन्हा जिवंत झाले असते.

हेच सूत्र देखरेखीलाही लावायला हवे. पालक न्यायमूर्तींची भेट म्हणजे नव्या इमारतीची कोनशिला, वकील संघाचा सत्कार आणि ई-सेवा केंद्राची फीत एवढ्यावर थांबू नये. नक्कल विभागाच्या खिडकीसमोर अर्धा तास, नाझरच्या टेबलावर परत आलेल्या नोटिसांचा गठ्ठा आणि सर्वांत जुन्या दहा दरखास्तींचे रोजनामे. एवढे पाहिले, तरी कोणत्याही तालुका न्यायालयाची नाडी कळते.

काय करता येईल?

पाच गोष्टी उच्च न्यायालयाला कायदा न बदलता, आपल्या प्रशासकीय अधिकारात करता येतील.

एक, मासिक विवरणपत्रात चार नवे रकाने घालावेत. नक्कल देण्यास लागलेले सरासरी दिवस, पहिल्या खेपेला बजावल्या गेलेल्या नोटिसांचे प्रमाण, वर पाठवलेल्या रेकॉर्डचा कालावधी आणि कलम ५४ खाली महसूल खात्याकडे गेलेल्या हुकूमनाम्यांची स्थिती.

दोन, ही माहिती तालुकानिहाय जाहीर करावी. वडूज, आटपाडी, पलूस, विटा इथे काय चालले आहे, हे तिथल्या वकील संघाला आणि वर्तमानपत्राला दिसले पाहिजे. ही न्यायाधीशाच्या निर्णयावरची टीका नव्हे. ते कार्यालयाच्या कामाचे मोजमाप आहे, आणि त्यातून न्यायाधीशाचे स्वातंत्र्य कुठेही कमी होत नाही.

तीन, कोल्हापूर बेंचच्या कक्षेतील सहा जिल्ह्यांच्या पालक न्यायमूर्तींनी तिमाहीतून एकदा कोल्हापुरात प्रधान जिल्हा न्यायाधीश, जिल्हाधिकारी आणि भूमी अभिलेखच्या अधिकाऱ्यांना एकत्र बसवावे. वाटपाचे हुकूमनामे कुठे अडले, हे एका टेबलावर कळेल.

चार, रोजच्या दिरंगाईसाठी पक्षकाराला याचिकेशिवाय दाद मागता यावी. जिल्हा न्यायालयात एक साधा अर्ज, त्याला क्रमांक आणि पंधरा दिवसांत लेखी उत्तर.

पाच, न्यायाधीशांच्या मूल्यमापनात जुने, गुंतागुंतीचे प्रकरण निकाली काढण्याला खरोखरचे वजन द्यावे, म्हणजे सोप्या प्रकरणांवर कोटा भरण्याचा मोह कमी होईल.

तोवर पक्षकाराने काय करावे?

आपल्या प्रकरणाचा सीएनआर क्रमांक वकिलांकडून मागून घ्यावा. ई-कोर्ट ॲपवर तारीख, टप्पा आणि आदेश मोबाइलवर दिसतात. काम न्यायनिर्णयात नव्हे, कार्यालयात अडले असेल तर प्रधान जिल्हा न्यायाधीशांकडे लेखी अर्ज करता येतो. अर्जाची पोच जपून ठेवावी. महिलांना, अनुसूचित जाती-जमातींना आणि उत्पन्नाच्या मर्यादेत बसणाऱ्यांना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो आणि तालुक्यालाही त्याची समिती असते. उच्च न्यायालयात मुदतीसाठी जाणे हा शेवटचा मार्ग समजावा.

पण हे सगळे करूनही वाटप मागणाऱ्या त्या बहिणीचा प्रश्न उरतोच. तिने कोल्हापूरला जावे, अशी अपेक्षा करणे म्हणजे जिंकलेला दावा पुन्हा लढायला सांगणे. तिच्या हुकूमनाम्याचा कागद कोणत्या टेबलावर आहे, हे तिने विचारायच्या आधी उच्च न्यायालयाला माहीत असायला हवे. घटनेने ‘पर्यवेक्षण’ हा शब्द त्यासाठीच वापरला आहे. मुंबई उच्च न्यायालय आता साताऱ्यापासून दीड-दोन तासांच्या अंतरावर आले आहे. तिथून वडूजच्या नक्कल विभागाची खिडकी दिसू लागली, तरच हे अंतर खरोखर कमी झाले म्हणता येईल.